सोनं शोधणारा म्हातारा आणि आमची परात



आजचा पाठ एका इंग्रजी सिनेमावर आहे. इंग्रजी म्हटल्यावर लगेच पान बंद करू नका. यात बोलणं फारच कमी आहे. एक म्हातारा, एक नाला, एक फावडं आणि एक परात. भाषा न समजणारं पाचवीचं पोरगंसुद्धा गोष्ट सांगू शकतं. आमच्या वर्गात तर काही मुलांची घरची भाषा गोंडी आहे, काहींची माडिया, बाकीच्यांची झाडीबोली. इंग्रजी कोणाचीच नाही, त्यामुळे सगळे एकाच पायरीवर बसून पाहतात. हा फायदा मला पुस्तकातल्या धड्यात क्वचितच मिळतो.

सिनेमाचं नाव 'द बॅलड ऑफ बस्टर स्क्रग्ज'. जोएल आणि इथन कोएन या दोन भावांनी तो २०१८ साली केला. त्यात सहा वेगवेगळ्या गोष्टी आहेत. सहाही दाखवायच्या नाहीत, काही तर मुलांसमोर लावण्यासारख्या अजिबात नाहीत. आपल्याला हवी आहे फक्त 'ऑल गोल्ड कॅन्यन' ही वीसेक मिनिटांची गोष्ट. ती जॅक लंडन या अमेरिकन लेखकाच्या १९०५ साली छापलेल्या कथेवरून घेतली आहे. लंडन स्वतः १८९७ मध्ये कॅनडातल्या क्लोंडाइकला सोनं शोधायला गेला होता. सोनं फारसं मिळालं नाही, आजारपण घेऊन परतला, पण गोष्टी मात्र भरपूर मिळाल्या. म्हाताऱ्याचं काम टॉम वेट्स या गायकाने केलं आहे. त्याचा आवाज खरखरीत, नाला कोरडा पडल्यावर गोट्यांवरून पाय घसरावा तसा.

योगायोग बघा, 'केजीएफ' हा सिनेमाही २०१८ चाच. तो आमच्या पोरांना तोंडपाठ आहे. म्हणून मी सुरुवात तिथूनच करतो. कोलारच्या खाणी खऱ्या होत्या, तीन किलोमीटरपेक्षा खोल गेल्या होत्या आणि २००१ साली बंद झाल्या, एवढं सांगितलं की मुलं कान टवकारतात. मग म्हणतो, आज एकट्या माणसाची खाण पाहू.

गोष्ट

हिरवीगार दरी. मधून स्वच्छ नाला. पाण्यात मासे, काठावर हरीण, झाडावर घुबड. लांबून कोणीतरी बेसूर गाणं म्हणत येतं आणि एकेक जनावर निघून जातं. मग म्हातारा दिसतो. दाढी वाढलेली, कपडे मळके, सोबत ओझ्याचं जनावर. बाकी कोणी नाही. नाल्याच्या काठची माती तो परातीत घेतो, पाण्यात फिरवतो, माती सांडून देतो. तळाला राहिलेले सोन्याचे कण मोजतो. थोडं पुढे जाऊन पुन्हा तेच.

इथून खरी गंमत सुरू होते. तो काठाने एका रांगेत खड्डे घेतो आणि प्रत्येक खड्ड्यातले कण मोजतो. कण वाढत जातात, मग कमी होतात, मग संपतात. म्हणजे या रांगेची हद्द कळली. मग तो चढावर थोडं वर सरकतो आणि दुसरी रांग घेतो. ही रांग आखूड निघते. तिसरी आणखी आखूड. वर वर जाताना रांगा निमुळत्या होत जातात आणि कुठेतरी वर एका ठिकाणी मिळणार हे त्याला दिसायला लागतं. त्या ठिकाणाला तो नाव देतो, माणसाला हाक मारावी तसं त्याच्याशी बोलतो. मी म्हातारा आहे, पण तू माझ्याहून म्हातारा, अशा अर्थाचं काहीतरी म्हणतो. बोलायला दुसरं कोणी नाही ना. रात्री शेकोटी, सकाळी पुन्हा फावडं.

मध्येच त्याला भूक लागते. घुबडाचं घरटं दिसतं. तो झाडावर चढतो, चारही अंडी हातात घेतो, आणि तेवढ्यात समोरच्या झाडावर बसलेली घुबडीण त्याच्याकडे बघताना दिसते. म्हातारा वरमतो. तीन अंडी परत ठेवतो, एक घेतो. उतरताना स्वतःशीच पुटपुटतो की पाखराला असं कितीपर्यंत मोजता येत असेल!

शेवटी खोल खड्ड्यात त्याला सोन्याची शीर सापडते. आणि त्याच क्षणी खड्ड्याच्या तोंडाशी एक सावली पडते.

इथे थांबायचं. पाचवीपर्यंतच्या मुलांना मी यापुढचं दाखवत नाही. एक तरुण मागून गोळी घालतो, म्हातारा मेल्याचं सोंग करून पडून राहतो, तरुण खाली उतरल्यावर त्याच्याशी झटापट करून त्यालाच मारतो, जखम धुतो, तरुणाला त्याच खड्ड्यात पुरतो आणि सोनं घेऊन निघून जातो. मग हरीण परत येतं, घुबड परत येतं. हे सगळं मी तोंडी सांगतो. सातवी-आठवीला पूर्ण दाखवायला हरकत नाही, पण दाखवणाऱ्या मोठ्या माणसाने आधी एकदा एकट्याने पाहून घ्यावं. पालकांनाही हीच विनंती. "शाळेत शिनेमा काहून दावता?" असं पालक विचारतात, तेव्हा त्यांना पुढची परात दाखवावी.

परात

लागणारं सामान: स्टीलची किंवा जर्मलची पसरट परात, एक टब पाणी, बांधकामावरची दोन घमेली रेती, एक लोहचुंबक, आणि सायकल दुरुस्तीच्या दुकानातले जुने छर्रे. छर्रे बारीकच मागा. खरं सोनं आणायला आपला पगार पुरणार नाही.

आधी प्रश्न: सोनं खाली का राहिलं आणि रेती का वाहून गेली? मुलं म्हणतात, "सोना जड रायते जी." बरोबर, पण किती जड? एक लिटरची बाटली घ्या. पाणी भरलं तर एक किलो. तेवढीच जागा रेतीच्या दगडाने गच्च भरली तर अडीच किलोच्या थोडं वर. लोखंडाने भरली तर पावणेआठ किलोच्या आसपास. आणि सोन्याने भरली तर १९ किलोच्या वर. हे आकडे फळ्यावर चार उभ्या पट्ट्या काढून दाखवा. सोन्याची पट्टी फळ्याबाहेर जाईल अशी काढा, मुलांच्या लक्षात राहते. मग बारीक कण मोठ्या खड्याच्याही खाली कसा जाऊन बसतो हे सांगायला घनता हा शब्द वापरला तरी चालतो, न वापरला तरी चालतो.

रेतीतून लोहचुंबक फिरवला की काळे बारीक कण चिकटतात. नदीच्या काठावर, विशेषतः वळणाच्या आतल्या बाजूला, या काळ्या रेतीच्या रेषा मुलांनी पाहिलेल्या असतात. पाण्याचा जोर जिथे मंदावतो तिथे जड कण खाली बसतात. मोठ्या दगडाच्या मागे, वळणाच्या आत, खडकाच्या फटीत. सोनं धुणारी माणसं आधी हीच काळी रेती शोधतात, कारण जिथे लोखंडाचे जड कण बसले तिथेच सोन्याचा कण बसला असण्याची शक्यता. वैनगंगा मध्य प्रदेशात शिवनी जिल्ह्यात उगम पावते, भंडाऱ्यातून आपल्याकडे येते, पुढे वर्धेला मिळून प्राणहिता होते आणि सिरोंच्याजवळ गोदावरीत जाते. वाटेत ती जुन्या साकोली पट्ट्यातले खडक झिजवत येते. नागपूर-भंडारा भागातल्या त्या खडकांत भूगर्भ शास्त्रज्ञांनी सोन्याचे अंश नोंदवले आहेत. म्हणजे नदी हीच मोठी परात, हे मुलांना सांगताना मी काही वाढवून सांगत नाही.

आता कृती. परातीत तीन ओंजळी रेती आणि दहा छर्रे. पाण्यात बुडवायची, हलवायची, थोडी तिरपी करायची, वरची रेती सांडू द्यायची, पुन्हा पाणी घ्यायचं. ऐकायला सोपं आहे. पहिल्या वेळी निम्मे छर्रे टबात जातात. घाई केली की जातातच. मुलांना तिसऱ्या-चौथ्या वेळी हात बसतो, आणि मनगट कसं फिरवायचं ते शब्दांत सांगता येत नाही, एकमेकांचं बघूनच येतं.

खड्ड्यांची रांग

दुसऱ्या दिवशी गणिताच्या तासिकेला मैदानावर. चुन्याने सहा गुणिले सहा असे ३६ चौकोन आखायचे. आदल्या दिवशी शाळा सुटल्यावर आपण गुपचूप चिंचोके पुरून ठेवायचे. एका चौकोनात वीस-पंचवीस, त्याच्या आजूबाजूला सहा-सात, त्याच्या बाहेर एक-दोन, बाकी रिकामे. प्रत्येक गटाला फक्त दहा खड्डे घेण्याची मुभा. प्रत्येक खड्ड्यातले चिंचोके मोजायचे, आकडा कागदावरच्या चौकोनात लिहायचा, ढीग सापडेल असं वाटतं तो चौकोन शेवटी सांगायचा. मोजलेले चिंचोके पुन्हा त्याच खड्ड्यात टाकून माती ओढायची, म्हणजे पुढच्या गटाला मैदान तसंच मिळतं. एक गट खोदत असताना बाकीच्यांना व्हरांड्यात पाठ करून बसवा.

आमच्याकडे पहिल्या गटाने मन मानेल तिथे खोदलं. दहा खड्डे संपले, हाती तीन चिंचोके. दुसऱ्या गटात सिनेमा नीट पाहिलेली दोन पोरं होती. त्यांनी एक आडवी रांग धरली: शून्य, एक, दोन, एक, शून्य. मग दोनच्या वर सरकले. मोजणी गोंडीत चालली होती, उंदी, रंड, मुंद... आठव्या खड्ड्यात ढीग सापडला. चित्रालेख, आकडे वाचणं, अंदाज बांधणं हे सगळं आपण फळ्यावर कितीही शिकवलं तरी 'रिकाम्या खड्ड्यातूनही माहिती मिळते' हे त्या दिवशी कळतं तसं एरवी कळत नाही. म्हातारा शून्य आलं म्हणून चिडत नाही. शून्य म्हणजे इकडे नाही, तिकडे बघ. गणितात शून्य मार्क मिळाल्यावर रडणाऱ्या पोरांना मी हे वेगळं समजावून सांगितलं नाही, पण मला सांगावंसं वाटलं होतं.

एक अंडं

अंड्याच्या प्रसंगावर जेवढी चर्चा होते तेवढी बाकी कशावरच होत नाही. "पाखराले मोजता येते का जी?" हा प्रश्न हमखास येतो. उत्तर चकित करणारं आहे. आपल्या तलावांवर वारकरी किंवा चांदवा नावाचा काळा, पांढऱ्या कपाळाचा पाणपक्षी दिसतो. त्याच्याच अमेरिकन भाऊबंदांवर ब्रूस लायन या शास्त्रज्ञाने केलेला अभ्यास २००३ साली प्रसिद्ध झाला. त्या पक्ष्यांच्या माद्या दुसऱ्यांच्या घरट्यात अंडी घालतात. काही माद्या आपली अंडी कोणती आणि परकी कोणती हे ओळखतात आणि आणखी किती घालायची ते फक्त आपल्या अंड्यांच्या संख्येवरून ठरवतात. म्हणजे म्हाताऱ्याचा अंदाज चुकीचाही असू शकतो.

मग खरा प्रश्न: एक घेणं बरोबर की चूक? इथे मुलांना बोलू द्या. गडचिरोलीची मुलं यावर पुण्या-मुंबईच्या मुलांपेक्षा वेगळं बोलतील असं मला वाटतं, कारण जंगलातून काय आणायचं, किती आणि कधी, हे त्यांच्या घरात रोजचं आहे. माडिया घरातलं एक पोरगं म्हणालं की पंडुम झाल्याशिवाय आंबासुद्धा खात नाहीत, मग अंडं विचारून घेतलं पाहिजे. कोणाला विचारायचं, असं दुसऱ्याने विचारलं. तासिका तिथेच संपली आणि मी काही उत्तर दिलं नाही.

एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगावी. घुबड हा संरक्षित पक्षी आहे. १९७२ च्या वन्यजीव कायद्यानुसार त्याला पकडणं, त्याची अंडी-पिल्लं घेणं गुन्हा आहे. आपल्याकडे घुबड अपशकुनी म्हणतात, आणि तेच लक्ष्मीचं वाहनही म्हणतात. सोन्याच्या गोष्टीत घुबड कसं आलं असेल हे मुलांना विचारून पाहा. कोएन बंधूंना लक्ष्मी माहीत असेल असं मला वाटत नाही, पण मुलं जोडतात बरोबर.

दरी रिकामी होती का?

हा प्रश्न माझ्या पाठ टाचणात नव्हता. एका मुलीने विचारलं, "सर, तिथं गाव नोहोता का?"

सिनेमात दरीत एकही माणूस नाही. म्हातारा येण्याआधी जणू कोणी आलंच नव्हतं. खरं काय होतं ते थोडक्यात सांगावं लागलं. सोनं शोधणाऱ्या एकट्या म्हाताऱ्याच्या अशा गोष्टी ज्या काळातून आल्या तो काळ कॅलिफोर्नियात सुरू झाला. तिथे जानेवारी १८४८ मध्ये जेम्स मार्शल या माणसाला लाकूड कापण्याच्या गिरणीजवळ सोन्याचे कण सापडले आणि पुढच्या काही वर्षांत सुमारे तीन लाख माणसं तिकडे धावली. तेव्हा तिथे अंदाजे दीड लाख मूळ रहिवासी होते. १८७० पर्यंत ते तीस हजारांच्या आसपास उरले. रोगराई, उपासमार आणि सरळ सरळ हत्या. दऱ्या रिकाम्या नव्हत्या, त्या रिकाम्या केल्या गेल्या. म्हाताऱ्याच्या एकटेपणाचं आपल्याला वाईट वाटतं, आणि वाटायलाच हवं, पण त्या एकटेपणाला हेही एक कारण आहे. ज्याला आधी सापडलं त्याचं, हा तिथला नियम. अशा नियमात सोबतीला माणूस ठेवणं परवडत नाही, कारण सोबतीच मागून गोळी घालू शकतो.

आपल्या जिल्ह्यात हे सांगताना मुलं शांत होतात. धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ साली सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक वनहक्क मिळाला. अशी मान्यता मिळालेल्या देशातल्या पहिल्या गावांपैकी ते. बांबू कुठला तोडायचा आणि कुठला ठेवायचा हे तिथे ग्रामसभा ठरवते. तिथे हक्क आधी सापडण्यावरून ठरत नाही, गावाने मिळून राखण्यावरून ठरतो. सिनेमातला नियम आणि हा नियम फळ्यावर शेजारी शेजारी लिहिले, तेवढं पुरलं.

एटापल्लीकडच्या शाळेत हा पाठ घेतलात तर सूरजागडचं नाव निघणारच. निघू द्या. एखाद्या मुलाचा बाप खाणीच्या ट्रकवर असेल, एखाद्याचं घर दरवर्षी ठाकूरदेवाच्या यात्रेला डोंगरावर जात असेल, एखाद्या घरात दोन्ही असेल. आपलं मत मुलांच्या तोंडी घालू नये. दोघांनाही पूर्ण बोलू द्यावं आणि कोणालाही हसू देऊ नये, एवढंच आपलं काम.

आपले सोनं शोधणारे

आता ज्यासाठी हा लेख लिहायला बसलो ते.

आपल्याकडेही माती धुऊन सोनं काढणारे लोक आहेत. पूर्व विदर्भात त्यांना सोनझारी म्हणतात, इतरत्र झारेकरी. इंग्रज काळात रसेल आणि हिरालाल यांनी मध्य प्रांतातल्या जाती-जमातींवर १९१६ साली चार खंड काढले, त्यात सोन धुणाऱ्या या लोकांची नोंद आहे. नाल्यांतल्या रेतीतून जेमतेम पोटापुरतं निघायचं. आपला भाग तसा खजिन्यासाठी जुनाच प्रसिद्ध. आरमोरी तालुक्यातल्या वैरागडच्या हिऱ्यांच्या खाणीचा उल्लेख अकबराच्या काळातल्या 'आईन-इ-अकबरी'त आहे. वैरागडचा किल्ला पाहायला सहल जाते, पण हिरे धुणारे हात कोणाचे होते हे सहलीत कोणी सांगत नाही.

नदीतलं काम मागे पडल्यावर ही माणसं शहरातल्या सराफा ओळीत आली. दुकानं उघडायच्या आधी पहाटे दुकानासमोरची धूळ झाडून गोळा करायची, नालीतला गाळ काढायचा, घरी आणून परातीत धुवायचा. सोनाराच्या कामात जे कण उडतात, कपड्याला-पायाला लागून बाहेर जातात, ते या गाळात असतात. धुऊन उरलेल्या काळ्या रेतीत पारा मिसळला की पारा सोन्याचे कण धरतो. मग तो तापवून उडवायचा. ही वाफ विषारी असते, मेंदूवर आणि मूत्रपिंडावर परिणाम करते, लहान मुलांना तर फारच घातक. पाऱ्याच्या वापरावर बंधनं आणणारा मिनामाता करार भारताने २०१८ मध्ये मान्य केला. करार आपल्या जागी, आणि बंद खोलीत पारा तापवणारं घर आपल्या जागी. शाळेतल्या प्रयोगात पारा चुकूनही आणू नका, तुटलेल्या थर्मामीटरमधलासुद्धा.

सिनेमातला म्हातारा एकटा आहे. आपल्याकडे हे काम सगळं घर मिळून करतं. कोणी झाडतं, कोणी वाहतं, कोणी धुतं. आणि घर कामावर निघालं की मूलही निघतं, म्हणून हजेरीपटावर त्याच्या नावापुढे गैरहजेरीच्या खुणा वाढत जातात.

आमच्या वर्गात अशा घरातली एक मुलगी आहे. सराफा ओळ तालुक्याच्या गावी, त्यामुळे ती महिन्यातले आठ-दहा दिवस नसतेच. असते तेव्हा मागे बसते. मुलं तिला नालीवरून काही बोलतात, ते मी ऐकलं होतं आणि रागावलोही होतो. रागावल्याने ते माझ्यासमोर बंद झालं, एवढंच. परातीच्या दिवशी मी तिला पुढे बोलावलं नव्हतं. हे मुद्दाम सांगतो, कारण आपल्यापैकी काही जण उत्साहाने लगेच अशा मुलाला उभं करून "सांग बेटा, तुझ्या घरी काय करतात" असं विचारतील. तसं करू नका. जातीचं, समाजाचं नाव वर्गात उच्चारायचं नाही. मूल स्वतः पुढे आलं तर आलं.

ती आली. सगळ्यांचे छर्रे टबात सांडत होते, ते तिला बघवलं नसावं. तिने परात घेतली, पाणी भरलं आणि मनगट असं काही फिरवलं की रेती पातळ होत होत कडेवरून निघून गेली. तळाला काळ्या रेतीची एक रेघ आणि रेघेच्या टोकाला दहाच्या दहा छर्रे. एक पोरगा ओरडला, "अबे, हे तं त्या बुढ्यापेक्षा भारी हाय!" दुसऱ्याने विचारलं, कुठं शिकली? ती म्हणाली, "मायनं शिकवलं." नंतर पाऊण तास तीच शिकवत होती आणि मी टबात पाणी ओतत होतो.

सिनेमातल्या म्हाताऱ्याला कोणी हसलं नव्हतं. त्याने धुतलेली तीच माती, तेच पाणी, तीच परात. त्याच्याभोवती हिरवी दरी आणि गाणं होतं म्हणून तो मुलांना शूर वाटला. नालीच्या काठी तेच काम करणारी बाई मुलांनी रोज पाहिली होती. एका दिवसात वर्ग बदलला असं मी म्हणणार नाही. मुलगी अजूनही कमी येते. पण तिच्या आईला मी निरोप पाठवला की गणिताच्या परातीसाठी ती लागते, तर त्या आठवड्यात ती सलग पाच दिवस आली. वसतिगृहासाठी कागदपत्रं गोळा करायचं काम सध्या चालू आहे. जातीच्या दाखल्यासाठी जुने पुरावे मागतात, आणि सतत फिरत राहिलेल्या घराकडे जुने कागद कुठून असणार? अशा कामाचा अनुभव कोणाला असेल तर जरूर कळवा.

पालकांसाठी एक. घरी मूल परात मागेल, रेती घरात आणेल. अंगणात करू द्या. आणि पहाटे सराफा ओळीत कोणी झाडताना दिसलं तर मुलाला थांबून बघू द्या, हात धरून पुढे ओढू नका. त्यांची हरकत नसेल तर ते दाखवतातसुद्धा.

सामानाबद्दल शेवटचं. मैदानावरचे खड्डे मुलांकडूनच बुजवून घ्या. सिनेमातला म्हातारा एक सोडून बाकी सगळे खड्डे तसेच उघडे ठेवून जातो, हे आमच्या मुलांनी दोनदा सांगितलं. छर्रे मोजून द्या आणि मोजून परत घ्या. आम्ही ४० दिले होते, ३७ आले.